मायामहाल आणि अंधारबाव

हल्लीच्या अद्भुत कादंबऱ्यांतील महालांत भिंती सरकतात, जिने उलटे फिरतात, घटकेत काळ मागे जातो. आणि टीकाकार यासच प्रतिभा म्हणतात! रिसबुडांच्या 'मंजुघोषे'पासून (१८६८) मराठी वाचकास अद्भुताचे वावडे नाही, आम्हांसही नाही. परंतु जेथे काहीच अशक्य नाही, तेथे वाचकाने धास्ती तरी कशाची घ्यावी? या ग्रंथकारांनी एकदा पन्हाळ्याची अंधारबाव पाहावी. आदिलशाहीतील ही तीन मजली वास्तू; शत्रूने पाण्यात विष कालवू नये म्हणून विहीर तिच्या पोटात दडविलेली, पहारेकऱ्यांस कोनाडे. येथे अंधारासही कामास जुंपले आहे! ज्या मायामहालास तहान ठाऊक नाही, वेढा ठाऊक नाही, त्यातून नायक कोणत्या पानावर सुटतो, हे पाहण्यास आम्ही थांबणार नाही.