स्वभावाला औषध आहे!

'स्वभावाला औषध नाही' ही म्हण आपल्या घरांत फार ऐकू येते. कुणाला पटकन राग येतो, कुणी गृहपाठ शेवटच्या रात्रीवर ढकलतं, कुणी पाहुणे आले की खोलीत जाऊन बसतं. मोठी माणसं हसतात आणि म्हणतात, "काय करणार, स्वभावाला औषध नाही." आम्हा मोठ्या गटातल्या मुलांना ही म्हण पटत नाही. का पटत नाही ते सांगण्यासाठी आम्ही एका माणसाची खरी गोष्ट निवडली आहे. गंमत म्हणजे, पुष्कळ लोक हीच गोष्ट अगदी उलट मुद्द्यासाठी सांगतात.

ही गोष्ट आपल्या शेजारच्या व्हरमाँट राज्यातली. १३ सप्टेंबर १८४८ रोजी कॅव्हेंडिश गावाजवळ रेल्वेसाठी खडक फोडण्याचं काम चाललं होतं. फिनिअस गेज नावाचा २५ वर्षांचा मुकादम खडकाच्या भोकात सुरुंगाची दारू पहारीने ठासत होता. ठिणगी पडली आणि स्फोट झाला. साडेतीन फुटांहून लांब, सहा किलो वजनाची ती पहार त्याच्या डाव्या गालातून शिरली आणि डोक्याच्या वरून बाहेर पडली. नवल म्हणजे काही मिनिटांतच गेज बोलू लागला, आणि बैलगाडीत बसून गावात गेला. त्याचा डावा डोळा गेला, पण जीव वाचला.

पण माणूस बदलला. त्याच्यावर उपचार करणारे डॉ. जॉन हार्लो यांनी १८६८ साली याबद्दल सविस्तर लिहिलं. पूर्वीचा गेज कष्टाळू, समंजस आणि दिलेलं काम तडीस नेणारा होता. अपघातानंतर तो लहरी आणि हट्टी झाला, शिव्या देऊ लागला, आज केलेला बेत उद्या मोडू लागला. मुकादमाची जागा त्याला परत मिळाली नाही. हा आता आपला गेज राहिला नाही, असं त्याचे मित्र म्हणू लागले.

यावर आमच्या वर्गात जोरात वाद झाला. एका पहारीने माणसाचा चांगुलपणा जात असेल, तर चांगुलपणा म्हणजे काय? आणि आत्म्याचं काय? गीतेच्या दुसऱ्या अध्यायात सांगितलं आहे की आत्म्याला शस्त्र कापू शकत नाही. मग पहारीने नक्की काय कापलं?

आत्मा आहे की नाही, याचा निकाल आम्ही लावू शकत नाही. तो आजवर भल्याभल्यांना लावता आलेला नाही. पण एक गोष्ट आम्हाला स्पष्ट दिसते. ज्याला आपण स्वभाव म्हणतो, त्याचा शरीराशी, म्हणजे मेंदूशी, घट्ट संबंध आहे. मेंदूला इजा झाली की स्वभावालाही होऊ शकते. म्हणजे स्वभाव हा दगडावर कोरलेला लेख नव्हे. पाय मोडतो, तसाच तो बरा होतो आणि चालून चालून मजबूतही होतो. स्वभाव जर शरीराच्या इतका जवळचा असेल, तर त्याला व्यायाम का लागू पडू नये?

पुस्तकांत गेजची गोष्ट बहुधा "माणूस बदलला" इथेच संपते. खरी गोष्ट मात्र पुढे आहे. न्यू हॅम्पशायरमध्ये घोड्यांच्या तबेल्यात काम केल्यावर गेज १८५२ साली दक्षिण अमेरिकेत चिली देशात गेला. तिथे सुमारे सात वर्षं तो प्रवासी घोडागाडी हाकत होता. गाडीला सहा घोडे! ते एकत्र सांभाळायचे, वेळ पाळायची, प्रवाशांशी नीट वागायचं, परक्या देशात परकी भाषा ऐकून काम करायचं. ज्याचा बेत दुसऱ्या दिवशी टिकत नाही अशा माणसाचं हे काम नव्हे. माल्कम मॅकमिलन या ऑस्ट्रेलियन मानसशास्त्रज्ञांनी जुने कागदपत्र तपासून गेजवर २००० साली एक पुस्तक प्रसिद्ध केलं. त्यांचं अनुमान असं, की रोजच्या ठरावीक, शिस्तीच्या कामामुळे गेज पुष्कळ सावरला असावा. पुढे त्याला फेफरं येऊ लागलं आणि १८६० साली, वयाच्या ३६ व्या वर्षी, तो सॅन फ्रान्सिस्कोजवळ वारला. त्याची कवटी आणि ती पहार हार्वर्डच्या वॉरन संग्रहालयाने इथे बॉस्टनमध्ये जपून ठेवली आहे.

आमचं मत असं: मेंदूतून पहार गेलेला माणूस जर सहा घोड्यांची गाडी हाकू शकतो, तर आपल्यापैकी कुणाबद्दलही "हा मुळातच असा" असं म्हणण्याची घाई करू नये.

आई-बाबांनो, रागावू नका, पण पाहुण्यांसमोर तुम्ही आमची ओळख कशी करून देता? "हा मुळातच आळशी", "ही मुळातच लाजाळू", "याला गणित आवडतं, मराठी जमतच नाही". ऐकून ऐकून आम्हालाही ते खरं वाटू लागतं. मग प्रयत्न करायचं कारणच उरत नाही. गेजलाही चिलीत कुणीतरी लगाम हातात दिले होते. ते दिलेच नसते, तर तो ते पेलू शकतो हे कुणाला कळलं असतं?

आणि मुलांनो, आपणही काही कमी नाही. "मी असाच आहे" म्हटलं की सॉरी म्हणावं लागत नाही, ही सोय आपल्याला चांगली ठाऊक आहे. ही पळवाट झाली.

मात्र याचा अर्थ मनात आणलं की सगळं होतं, असा कुणी घेऊ नये. काहींना मेंदूचा किंवा मनाचा आजार असतो. त्यांना "मनावर घे, म्हणजे होईल" असं सांगून दोष देणं हा अन्याय आहे. त्यांना डॉक्टरांची मदत आणि घरच्यांचा धीर हवा. औषध आहे याचा अर्थ ते सर्वांना सारखंच आणि एका रात्रीत लागू पडतं, असा नाही.

म्हणून आमची एक सूचना आहे. पुढचा अंक येईपर्यंत प्रत्येक घरात 'मुळातच' या शब्दाला सुट्टी द्यावी. मोठ्यांनी मुलांबद्दल तो वापरू नये, मुलांनी स्वतःबद्दल वापरू नये. त्याऐवजी प्रत्येक मुलाकडे रोजचं, ठरलेल्या वेळेचं एक काम सोपवावं. झाडांना पाणी घालणं, धाकट्या भावंडाला वाचून दाखवणं, भारतात आजीला फोन करणं, काहीही चालेल. फक्त ते खरंच त्याच्यावर सोडावं, पाठीमागे उभं राहू नये.

काय फरक पडला ते आम्हाला लिहून कळवा. आमचं म्हणणं पटलं नाही, तर तेही लिहा. मजकूर एका पानात बसवा म्हणजे झालं, कारण झेरॉक्सचा कागद मोजकाच आहे!

— मोठ्या गटातली मुलं