रोझवूडची गोष्ट

 

यावेळी एका सिनेमाविषयी. नाव 'रोझवूड', साल १९९७, दिग्दर्शक जॉन सिंगलटन. मुलांना दाखवण्यासारखा नाही बरं का, मारझोड फार आहे. मोठ्यांनी पाहावा आणि मुलांना गोष्ट तोंडी सांगावी.

अमेरिकेत फ्लोरिडा राज्यात रोझवूड नावाचं छोटं गाव होतं. वस्ती बहुतेक कृष्णवर्णीयांची. १ जानेवारी १९२३ रोजी शेजारच्या सम्नर गावातल्या एका गोऱ्या बाईने सांगितलं, की कृष्णवर्णीय माणसाने आपल्याला मारलं. झालं! शहानिशा न करता गोऱ्यांचा जमाव बंदुका घेऊन निघाला. आठवडाभरात निदान सहा कृष्णवर्णीय मारले गेले, दोन गोरेही मेले आणि कृष्णवर्णीयांची घरं जाळून टाकली. लहान मुलं रात्रीच्या कपड्यांतच, कडाक्याच्या थंडीत दलदलीच्या रानात लपली. जॉन राईट या गोऱ्या दुकानदाराने काहींना आपल्या घरात आसरा दिला. ब्राइस बंधूंनी आगगाडीतून बायका-मुलांना सुखरूप बाहेर काढलं. गुन्हेगारांवर मात्र खटलाच झाला नाही.

वाचलेली माणसं भीतीने गप्प राहिली. कित्येकांनी पोटच्या मुलांनाही काही सांगितलं नाही. १९८२ साली गॅरी मूर या पत्रकाराने शोध घेतला, तेव्हा कुठे जगाला कळलं. त्या रानात लपलेली मिनी ली लँगली ही मुलगी म्हातारपणी आमदारांपुढे साक्ष द्यायला आली. १९९४ साली राज्याने सुमारे २१ लाख डॉलरची भरपाई मंजूर केली. हयात असलेल्या नऊ जणांना प्रत्येकी दीड लाख डॉलर मिळाले.

सिनेमा आला तो त्यानंतर तीन वर्षांनी. म्हणजे आधी म्हातारी माणसं बोलली, मग पडद्यावर चित्र आलं.

सिनेमातला घोड्यावरून येणारा मान नावाचा वीर मात्र काल्पनिक आहे. हेही मुलांना सांगा, नाहीतर त्यांना वाटेल की असा कोणी वीर खरंच धावून आला होता.

आजी-आजोबांनो, काही आठवणी सांगताना जीभ जड होते, ठाऊक आहे. तरी थोडं थोडं सांगत जा. आणि मुलांनो, आजी बोलता बोलता गप्प झाली तर हट्ट करू नका. पुन्हा केव्हातरी, शेजारी बसून विचारा. आणि वहीत लिहून ठेवा.