बाजारची नवी कोंबडी

मार्च २०२४ मध्ये नागपूरच्या सरकारी अंडी उबवणी केंद्रात बर्ड फ्लू शिरला आणि हजारो कोंबड्या माराव्या लागल्या. मग आपल्या खुराड्याची काय कथा! म्हणून भगिनींनो, आठवडी बाजारातून आणलेली कोंबडी लगेच जुन्यांत सोडू नका. तीन आठवडे घराच्या दुसऱ्या बाजूला वेगळी ठेवा. दाणापाणी आधी जुन्यांना, मग नवीला. भांडी वेगळी ठेवा, हात धुवा. हिरवी हगवण, वाकडी मान, घरघर ही मानमोडीची लक्षणे दिसली तर पशुवैद्यकीय दवाखान्यात कळवा. आजारी कोंबडी विकू नका. ठणठणीत राहिली तर अंधार पडल्यावर तिला जुन्यांशेजारी बसवा आणि सकाळी दोन ठिकाणी दाणे टाका. टोचाटोची हळूहळू थांबते. रोग मात्र सारे खुराडे रिकामे करतो.