मानसेवी बाईची कसली चौकशी?

नांदेड जिल्ह्यातली एक अंगणवाडी सेविका मध्यंतरी माझ्याकडे कागद घेऊन आली. चौदा वर्षांचं काम आणि आदेश दीड ओळीचा : आलेल्या तक्रारीवरून आपली सेवा समाप्त करण्यात येत आहे. तक्रार कुणाची, कशाबद्दल, याचं एक अक्षर नाही. गावात मात्र बभ्रा झालेला, बाईनं पोरांचा आहार विकला. आहाराचं रजिस्टर, साठ्याची वही आदल्याच दिवशी गोळा करून नेलेली. म्हणजे ज्या कागदांवर ती खरी ठरली असती, तेच तिच्या हातून गेलेले. आम्ही दोघी कार्यालयात गेलो. ती म्हणाली, "साहेब, माझं काय चुकलं ते कागदावर तर लिव्हा." साहेब माझ्याकडे बघून म्हणाले, "ताई, या मानसेवी. मानसेवीची कसली चौकशी?"

मैत्रिणींनो, हा मानसेवी शब्द सरकारला फार सोयीचा आहे. मार्च २०१८ मध्ये याच बायकांनी संप करू नये म्हणून त्यांना 'मेस्मा' लावला. त्यांची सेवा अत्यावश्यक ठरली! विरोध झाला तेव्हा स्थगिती आली. ४ डिसेंबर २०२३ पासून त्या पुन्हा संपावर गेल्या, तो संप पन्नासहून जास्त दिवस चालला. त्यातही सेवासमाप्तीच्या नोटिसा निघाल्या. संप करायचा नाही इतक्या त्या गरजेच्या, आणि काढताना एक प्रश्न विचारावा इतक्याही नाहीत?

साहेब लोक सर्वोच्च न्यायालयाच्या २००६ च्या अमीरबी निकालाकडे बोट दाखवतात. अंगणवाडी सेविका नागरी पदावर नाहीत, असं त्यात म्हटलं आहे हे खरं. म्हणून राज्यघटनेच्या कलम ३११ चं संरक्षण त्यांना नाही. पण कलम १४ कुठे गेलं? ते तर पदाला नाही, माणसाला आहे. १९९३ मध्ये डी. के. यादव खटल्यात याच न्यायालयानं सांगितलं की बाजू मांडायची संधी न देता कामगाराचं काम तोडणं कलम १४ आणि २१ च्या विरुद्ध आहे. तिथे मालक खाजगी कारखाना होता. इथे तर खुद्द सरकार आहे. तात्पुरत्या सरकारी नोकरांबद्दल तर १९५७ च्या धिंग्रा निकालापासून स्पष्ट आहे : शिक्षा म्हणून काढत असाल तर आधी ऐकून घ्या. आणि 'मानधन' म्हणजे वेतन नव्हे, ही पळवाटही २०२२ मध्ये ग्रॅच्युइटीच्या निकालानं बुजवली.

काम संपलं म्हणून काढणं वेगळं, डाग लावून काढणं वेगळं. या बाईची नोकरी गेलीच, वर ती आता हळदीकुंकवालाही जात नाही.

मागायचं काही फार नाही. आरोप लेखी, मराठीत. रजिस्टरांच्या नकला. उत्तराला पुरेसे दिवस. तक्रार करणाऱ्याला प्रश्न विचारायची मुभा, सोबत संघटनेची एक बाई. आदेशात कारणं, आणि अपील कुणाकडे करायचं ते.

आता अवघड गोष्ट. लातूरकडे १९९३ च्या भूकंपानंतर संस्था आल्या, प्रकल्प आले, आणि प्रकल्पावरच्या बायकाही. अशाच एका संस्थेच्या समितीवर मी होते. बचत गटांचं काम करणाऱ्या एका कार्यकर्तीला फोनवर कळवलं, "प्रकल्प संपला, उद्यापासून येऊ नका." प्रकल्प संपला नव्हता. तिनं प्रवासभत्त्याच्या हिशेबावर बैठकीत प्रश्न विचारला होता, आणि पंधरवड्यात तिच्या जागी दुसरी आली. बैठकीत मी गप्प बसले. 'संस्थेचं नाव खराब होईल' हे वाक्य त्या दिवशी मला पटलं होतं, हे लिहिताना लाज वाटते.

त्या सेविकेचं उत्तर आम्ही लिहून दिलं आहे, पोच घेतली आहे. रजिस्टरांच्या नकलांसाठी माहिती अधिकारात अर्ज टाकला आहे. पुढच्या महिन्यात संस्थेच्या समितीची बैठक आहे. त्या कार्यकर्तीला तिथे बोलवावं, असं पत्र मी पाठवलंय.