थोडक्यात गेलेली निवडणूक : कोर्टात काय टिकतं, काय टिकत नाही

मांजरसुंबा : निवडणूक थोडक्यात गेली की मांजरसुंब्याच्या चौकात चहावर एक वाक्य हमखास ऐकू येतं, "कोर्टात बघून घेऊ." बीड, केज, पाटोदा, चौसाळा अशा चारी वाटांनी आलेली माणसं त्यात आपापली भर घालतात. पण बघून घ्यायला कायद्यानं दिवस किती दिलेत आणि कोर्ट नेमकं काय बघतं, हे फार थोड्यांना ठाऊक असतं.

आधी दिवसांचं. ग्रामपंचायत सदस्याच्या निवडीला आव्हान द्यायचं तर महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १५ प्रमाणे निकाल जाहीर झाल्यापासून १५ दिवसांत दिवाणी न्यायाधीशाकडे अर्ज करावा लागतो. उमेदवारानंच करावा असं नाही, तिथला मतदारही करू शकतो. आमदार-खासदाराच्या निवडणुकीसाठी मुदत ४५ दिवसांची, आणि याचिका थेट उच्च न्यायालयात. तहसील, कलेक्टर कचेरी, निवडणूक आयोग असे अर्ज देत फिरलं म्हणून ही मुदत थांबत नाही.

दुसरी गोष्ट, फरक कमी आहे एवढ्यावर निकाल फिरत नाही. २०२४ च्या लोकसभेला बीडमध्ये बजरंग सोनवणे यांनी पंकजा मुंडे यांना ६,५५३ मतांनी हरवलं. जिल्हा रात्री उशिरापर्यंत जागा होता. पण त्याच दिवशी मुंबई उत्तर-पश्चिममध्ये फरक होता फक्त ४८ मतांचा. मशीनच्या मोजणीत अमोल कीर्तिकर एका मतानं पुढं होते. टपाली मतं धरल्यावर रवींद्र वायकर ४,५२,६४४ आणि कीर्तिकर ४,५२,५९६ असा हिशेब झाला. कीर्तिकर उच्च न्यायालयात गेले. डिसेंबर २०२४ मध्ये याचिका फेटाळली गेली. कोणत्या चुकीमुळं निकाल कसा बदलला, याचा आवश्यक तपशील याचिकेत नाही, असं कोर्टाचं म्हणणं पडलं. म्हणजे ४८ मतांचा फरक असूनही प्रकरण पुरावे तपासण्यापर्यंत पोचलंच नाही.

आता उलटं उदाहरण, तेही एका गावाचं. हरियाणातल्या पानिपत जिल्ह्यात बुआना लाखू गावात २ नोव्हेंबर २०२२ ला सरपंचपदाची निवडणूक झाली. कुलदीप सिंह विजयी ठरले. हरलेले मोहित कुमार यांनी नुसतं "गडबड झाली" म्हटलं नाही, तर ६९ नंबरच्या केंद्राच्या मोजणीवर बोट ठेवलं. खालच्या कोर्टानं त्या केंद्राची फेरमोजणी सांगितली, उच्च न्यायालयानं तो आदेश रद्द केला. शेवटी सर्वोच्च न्यायालयानं मशीन दिल्लीला मागवून घेतल्या आणि ६ ऑगस्ट २०२५ ला सगळ्याच केंद्रांची मोजणी करून घेतली. मोहित कुमार १,०५१, कुलदीप सिंह १,०००. निकाल फिरला आणि सरपंच बदलला.

मुंबईतला उमेदवार मोठा, मतदारसंघ मोठा, फरक त्याहून कमी. तरी टिकली ती गावातली तक्रार, कारण तिच्यात केंद्राचा नंबर होता आणि चूक कुठं झाली ते नेमकं सांगितलेलं होतं.

पण या विजयातही एक टोचणी आहे. मतदान ते फेरनिकाल यात पावणेतीन वर्षं गेली. पाच वर्षांच्या मुदतीतला अर्ध्याहून जास्त काळ गावानं निवडून न दिलेला माणूस सह्या करत होता. त्या काळातले ठराव, कामं, बिलं परत फिरत नसतात. आमदार-खासदाराची याचिका सहा महिन्यांत संपवायचा प्रयत्न करावा असं कायदा म्हणतो, प्रत्यक्षात कैक याचिका त्याच्या फार पुढं रेंगाळतात.

म्हणून खरी लढाई कोर्टात नाही, मोजणीच्या टेबलावर आहे. प्रतिनिधी म्हणून नुसता घोषणा देणारा पोरगा बसवू नये, आकडा टिपणारा बसवावा. कोणत्या केंद्रावर किती मतदान झालं, मशीननं किती दाखवलं, हे वहीत लिहावं. मेळ बसला नाही तर निकाल जाहीर व्हायच्या आधीच लेखी हरकत द्यावी आणि पोच घ्यावी. ती पोच आणि ती वही घेऊन दुसऱ्याच दिवशी वकील गाठावा. गुलाल कुणाचा उधळला यावर चौकात भांडण्यात पंधरा दिवस कधी सरतात, कळतसुद्धा नाही.