प्रेमजींचे अर्धे नाव

अझीम हाशम प्रेमजी. देशातल्या एका मोठ्या सॉफ्टवेअर उद्योजकाचे हे पूर्ण नाव. तीनच शब्दांचे, पण ते पूर्ण वाचणारा माणूस आम्हाला क्वचित भेटतो. जलशात, लग्नाच्या मांडवात, शाळेतल्या शिक्षकांच्या खोलीत या नावाचा विषय निघतो तेव्हा कोणी आधीचा अर्धा भाग उचलतो, कोणी नंतरचा. आपले बांधव म्हणतात, ‘अझीमभाई आपले आहेत.’ बहुसंख्य समाजातले स्नेही म्हणतात, ‘बघा, तुमच्यातलाच माणूस एवढा मोठा झाला, मग तुमची तक्रार कसली?’ आणि दोन्हीकडचे काही जण हळूच विचारतात, ‘पण मुसलमानाचे आडनाव प्रेमजी कसे?’ या तिन्ही बोलण्यांना आमचा विरोध आहे. तो का, हे सांगण्यासाठी हा लेखप्रपंच.

आम्ही पिंपरी-चिंचवडमध्ये उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवतो. एका बाजूला हिंजवडीच्या काचेच्या इमारती, त्यात विप्रोचीही एक. दुसऱ्या बाजूला चाकणचे मोटारींचे कारखाने. आमच्या विद्यार्थ्यांचे वडील चाकणला ठेकेदाराकडे कामाला जातात, वेल्डिंग करतात, भंगार वेचून विकतात, रिक्षा चालवतात. कोणी लातूर-उस्मानाबादकडून आलेले, कोणी बिदर-गुलबर्ग्याहून, कोणी थेट उत्तर प्रदेशातून. हजेरीपटावर तांबोळी, मुलाणी, अत्तार, शिकलगार, पटेल, पठाण आणि मोजता येणार नाहीत इतके शेख. नावाचा प्रश्न आमच्यासाठी चर्चासत्राचा विषय नाही. तो रोज सकाळी हजेरी घेताना समोर येतो.

आधी शेवटच्या प्रश्नाचे उत्तर देऊ. ‘अझीम’ हा अरबी शब्द: ऐन, झोय, ये, मीम. अर्थ थोर. ‘हाशम’ म्हणजे हाशिम, पैगंबरसाहेबांचे पणजोबा. मक्केत यात्रेकरूंसाठी रोटी मोडून रश्श्यात कुस्करून वाढीत, म्हणून त्यांना हे नाव पडले, असे सीरतची पुस्तके सांगतात. आणि ‘प्रेमजी’? तो आपल्या सर्वांना समजणारा शब्द. गुजरातेतले खोजा व्यापारी काही शतकांपूर्वी धर्म बदलून मुसलमान झाले. पण त्यांनी वहीखात्याची भाषा बदलली नाही, घरातली बोली बदलली नाही आणि कानजी, लालजी, विरजी ही बापजाद्यांची नावेही टाकली नाहीत. त्यांचे ‘खोजा’ हे नाव मात्र फारसी ‘ख्वाजा’वरून आलेले. पाकिस्तानच्या संस्थापकाचे ‘जीना’ हे नावसुद्धा त्यांच्या वडिलांच्या जीनाभाई पुंजा या अस्सल काठेवाडी नावातून आले आहे. गुजरातीत ‘झीणो’ म्हणजे बारीक, सडपातळ. कायदेआझम म्हणणाऱ्यांना हे आठवत नाही, शिव्या घालणाऱ्यांनाही नाही.

आता जे भुवया उंचावून ‘प्रेमजी कसे’ म्हणतात, त्यांनी आपल्या घरावरची पाटी वाचावी. फडणीस, चिटणीस, पारसनीस, कारखानीस यांच्यातला ‘नीस’ हा फारसी ‘नवीस’, लिहिणारा. मुजुमदार, जहागीरदार, इनामदार, दफ्तरदार, सुभेदार, किल्लेदार, सगळ्यांच्या शेवटी फारसी ‘दार’ उभा आहे. शिवछत्रपतींनी राज्याभिषेकाच्या सुमारास राज्यव्यवहारकोश करवून घेतला, पेशव्याला ‘पंतप्रधान’ म्हटले. पुढे शंभर-सव्वाशे वर्षे लोक मात्र पेशवेच म्हणत राहिले. मालोजीराजांनी आपल्या मुलांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली ती अहमदनगरच्या शाह शरीफ पीरांच्या श्रद्धेने, असे परंपरा सांगते. ते शहर २०२४ साली अहिल्यानगर झाले, दर्गा तिथेच आहे.

फार लांब कशाला जायचे? आमच्या शाळेपासून रिक्षाने जाता येईल एवढ्या अंतरावर आळंदी आहे. ज्ञानोबा माउलींच्या पालखी सोहळ्याला आजचे रूप एकोणिसाव्या शतकात दिले ते हैबतबाबा आरफळकर यांनी. ‘हैबत’ हा शब्द अरबी आहे, दरारा या अर्थाचा. एकाही वारकऱ्याने त्यांना नाव बदलायला सांगितल्याचे ऐकिवात नाही. आणि चाकणला जो संग्रामदुर्ग आहे तो १६६० साली शाइस्ताखानाविरुद्ध पन्नासहून अधिक दिवस लढवला फिरंगोजी नरसाळा यांनी. ‘फिरंग’ हा ‘फ्रँक’ या युरोपी लोकांच्या नावाचा अरबी-फारसी वाटेने आलेला अवतार. स्वराज्याच्या शूर किल्लेदाराच्या नावात फिरंगी बसला आहे! किल्ला पडल्यावर मोगलांनी चाकणला ‘इस्लामाबाद’ असे नाव दिले. आज चाकणच्या बाजारात इस्लामाबाद कुठे म्हणून विचारले तर लोक विमानतळाचा रस्ता दाखवतील. तख्तावरून दिलेल्या नावाची ही गत झाली, आणि आईबापांनी पाळण्यात ठेवलेला फिरंगोजी मात्र अजून पोवाड्यात आहे.

हे सर्व आमच्या हिंदू बांधवांना ऐकवणे सोपे आहे. टाळ्याही पडतात. पण आमचे मुख्य भांडण आपल्याच लोकांशी आहे.

आमच्या विद्यार्थ्यांच्या आज्या-पणज्यांची नावे पाहा: मालनबी, हिराबी, चांदबी, राजाबी. आजोबांची: गुलाब, बाबालाल, दगडू, दस्तगीर. आधीची मुले दगावली की पुढच्याला दगडू म्हणायचे, म्हणजे नजर लागत नाही, ही समजूत गावातल्या हिंदू-मुसलमानांची एकच होती. आता मोहल्ल्यात नवे शहाणे आले आहेत. मालन हे नाव ‘इस्लामी नाही’ म्हणतात. पाटील आणि देशमुख ही आडनावे ‘गैरांची’ आहेत, शेख लिहा म्हणतात. पालक दाखल्याच्या वेळी मोबाईलवरून शोधलेले नाव पुढे करतात. अर्थ विचारला तर सांगता येत नाही, अरबी आहे एवढेच ठाऊक. मुलाच्या जन्मदाखल्यावर एक नाव, आधारवर दुसरे, शाळेच्या रजिस्टरात तिसरे. पुढे शिष्यवृत्तीचा अर्ज याच कारणाने परत येतो आणि बाप रोजंदारी बुडवून राजपत्रात नाव छापून आणायला हेलपाटे घालतो. दीनच्या नावाखाली गरिबाला लावलेला हा भुर्दंड आहे.

आणि दीन तरी काय सांगतो? हजरत उमर, हजरत हमजा, उम्मुल मोमिनीन हजरत खदीजा, ही नावे इस्लाम येण्याआधी, त्यांच्या मूर्तिपूजक आईबापांनी ठेवलेली. कलमा पढल्यावर ती बदलली गेली नाहीत. ज्या नावाचा अर्थ वाईट किंवा जे कोण्या मूर्तीचा बंदा असे सांगणारे, तेवढेच पैगंबरसाहेबांनी बदलले. मालन म्हणजे माळीण. हिरा म्हणजे हिरा. गुलाबाचे तर मूळच फारसी. यात वाईट अर्थ कुठला? जे मौलवीसाहेब प्रेमजींचे नाव जुम्म्याच्या बयानात अभिमानाने घेतात, त्यांनीच बाहेर येऊन एखाद्या बापाला ‘हे हिंदू नाव काढा’ म्हणावे, ही कसली संगती? हाच नियम प्रेमजींच्या आजोबा-पणजोबांना लावला असता तर आज बयानात घ्यायला ते नाव उरले नसते.

आता ‘तुमची तक्रार कसली’ याकडे वळू. प्रेमजींची वाटचाल नीट पाहिली तर हे वाक्य टिकत नाही. वेस्टर्न इंडिया व्हेजिटेबल प्रॉडक्ट्स ही कंपनी त्यांचे वडील मोहंमद हाशम प्रेमजी यांनी १९४५ साली आपल्या खानदेशात, अमळनेरला काढली. वनस्पती तूप, तेल, मग ७८७ नावाचा कपडे धुण्याचा साबण. (ज्या अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात साने गुरुजी मास्तर होते, तेच हे गाव.) १९६६ साली वडील वारले. मुलगा एकवीस वर्षांचा, अमेरिकेत स्टॅनफर्डला इंजिनियरिंग शिकत होता. शिक्षण टाकून परतला आणि तेलाचा कारखाना हाती घेतला. १९७७-७८मध्ये जनता सरकारच्या काळात परकी भांडवलाच्या कायद्यामुळे आयबीएमने भारतातला गाशा गुंडाळला, संगणकाच्या बाजारात जागा रिकामी झाली आणि ती ओळखून या तेल-साबणवाल्याने बंगळूरला संगणक बनवायला घेतले. कंपनीचे नाव आखडून ‘विप्रो’ झाले. (संस्कृत शिकलेले आमचे एक सहकारी ‘विप्रो’ म्हणजे ब्राह्मण असे म्हणून हसतात. मुसलमानाच्या कंपनीला विप्राचे नाव! या देशात असे गमतीनेच घडते.) पुढे संगणक बनवण्यापेक्षा सॉफ्टवेअर लिहून देण्यात अधिक मिळकत झाली. २००० साली न्यूयॉर्कच्या शेअरबाजारात कंपनीची नोंद झाली. अमळनेरच्या ज्या लोकांनी जुने शेअर जपून ठेवले होते, ते कोट्यधीश झाले.

यात प्रेमजींची हुशारी आहे, कष्ट आहेत, साधेपणा आहे. सगळे मान्य. पण कारखाना वारशाने आला होता, स्टॅनफर्डची फी भरणारे घर होते आणि सरकारच्या धोरणाने दार उघडले होते. त्यांना कोणाकडे अर्ज करावा लागला नाही. नोकरीच्या अर्जावर नाव वाचून बाजूला ठेवणारा कारकून त्यांच्या आयुष्यात आला नाही. आमच्या मुलांच्या आयुष्यात तोच पहिला येतो.

ही आमची कुरकुर नाही, मोजून दाखवलेली गोष्ट आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाचे तेव्हाचे अध्यक्ष सुखदेव थोरात आणि पॉल अॅटवेल यांनी २००७ साली ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’त एक प्रयोग प्रसिद्ध केला. खासगी कंपन्यांच्या ५४८ जाहिरातींना ४८०८ अर्ज पाठवले. पात्रता सारखी, फरक फक्त नावाचा. उच्चवर्णीय हिंदू नावाशी तुलना करता दलित नावाला बोलावणे येण्याची शक्यता दोन-तृतीयांश निघाली आणि मुस्लिम नावाला एक-तृतीयांश. आमच्या मनात येते, त्या गठ्ठ्यात ‘ए. एच. प्रेमजी’ असा एक अर्ज गेला असता तर? गुजराती घरातला होतकरू मुलगा म्हणून बोलावणे आले असते. आणि ‘अझीम’ हा शब्द पूर्ण लिहिला असता तर? माणूस तोच, पदवी तीच, पोस्टाचे तिकीटही तेच. एका उद्योगपतीला पुढे करून हा आकडा खोडता येत नाही. अब्दुल रहमान अंतुले १९८० साली मुख्यमंत्री झाले म्हणून कोकणातल्या प्रत्येक खलाशाच्या पोराला नोकरी लागली काय?

राहिले ‘अझीमभाई आपले’ म्हणणारे. यांचीच दुसरी तक्रार असते की त्यांनी कौमसाठी काय केले? मशीद बांधली नाही, मदरसा काढला नाही. या प्रश्नाची आम्हाला शिक्षक म्हणून लाज वाटते. २००१ साली त्यांनी फाउंडेशन काढले ते सरकारी शाळा सुधारण्यासाठी. २०१० साली बंगळूरला विद्यापीठ सुरू केले, त्यात शिक्षक घडवण्यावर भर दिला. मार्च २०१९मध्ये विप्रोतल्या आणखी ३४ टक्के शेअरांची मिळकत, त्या वेळच्या भावाने ५२,७५० कोटी रुपये, या कामाला लावून दिली; आधीचे धरून हा आकडा १,४५,००० कोटींवर गेला. त्याच वर्षी जुलैअखेर ते अध्यक्षपदावरून निवृत्त झाले. आता सांगा, गरीब मुसलमानाचे मूल शिकते कुठे? भारी इंग्रजी शाळेत नव्हे, पालिकेच्या आणि झेडपीच्या शाळेत. तिथल्या फळ्यासाठी आणि तिथल्या मास्तरासाठी दिलेला पैसा कौमला मिळाला नाही, हे गणित आम्हाला सुटत नाही.

आमची मागणी साधी आहे. हिंजवडीच्या आणि चाकणच्या कंपन्यांनी पहिल्या चाळणीत अर्जावरचे नाव झाकावे, नोंदणी क्रमांकावर निवड करावी. परीक्षेचे पेपर आपण असेच तपासतो. बारकोड लावला म्हणून कोणाचा अपमान होत नाही. मोहल्ल्यातल्या जाणत्यांनी पाळण्यातली नावे तपासणे थांबवावे. आणि आमच्या शिक्षक बंधू-भगिनींनी दाखल करताना नाव ‘सुधारू’ नये, आडनाव विचारून जन्मदाखल्यावर असेल तेच लिहावे, घाईत सरसकट शेख टाकू नये. १ मे २०२४पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात महाराष्ट्र सरकारने आईचे नावही आवश्यक केले आहे. आधी मुलाचे, मग आईचे, मग वडिलांचे, मग आडनाव. ती मुले काही वर्षांनी पहिलीत येतील. आईच्या रकान्यात मालन असेल तर मालनच लिहावे.