आत्मकथेतील निनावी शेठ

'सत्याचे प्रयोग' या गांधीजींच्या आत्मकथेत एक शेठ येतो आणि जातो. लेखक त्याचे नाव सांगत नाही. १९१५ साली अहमदाबादजवळ कोचरब येथे आश्रम सुरू झाला. दुदाभाई, दानीबेन आणि त्यांची लहानगी लक्ष्मी या दलित कुटुंबाला तेथे प्रवेश मिळताच देणग्या आटल्या. पैसे संपले तर अंत्यजांच्या वस्तीत जाऊन राहायचे, इथवर गांधीजींची तयारी झाली होती. अशा वेळी एक मोटार आश्रमाशी थांबली. आलेल्या गृहस्थाने १३,००० रुपयांच्या नोटा त्यांच्या हाती ठेवल्या आणि आश्रमात पाऊलही न टाकता ते निघून गेले. हे गृहस्थ म्हणजे अहमदाबादच्या जैन घराण्यातील तरुण गिरणीमालक अंबालाल साराभाई, हे पुढे सर्वज्ञात झाले.

गांधीजी या प्रसंगात ईश्वराचा हात पाहतात. आपणही वर्गात तो तसाच शिकवतो आणि पान उलटतो. माझा आक्षेप या पान उलटण्याला आहे. कारण तोच शेठ तीन वर्षांनी प्रतिपक्षात उभा असतो.

१९१८ साली प्लेगच्या काळातील बोनस बंद झाल्यावर अहमदाबादच्या गिरणी कामगारांनी पगारवाढ मागितली. मालक २० टक्क्यांवर अडून बसले. गांधीजींनी ३५ टक्के ही मागणी न्याय्य ठरविली. मालकांचे नेतृत्व अंबालाल यांच्याकडे होते आणि कामगारांच्या बाजूने त्यांचीच थोरली बहीण अनसूयाबेन उभी होती. कामगारांचा धीर खचू लागला तेव्हा १५ मार्चला गांधीजींनी उपोषण आरंभिले. तीन दिवसांत तडजोड झाली आणि लवाद आनंदशंकर ध्रुव यांनी अखेरीस ३५ टक्केच मान्य केले. महादेवभाई देसाई यांच्या 'एक धर्मयुद्ध' या पुस्तकात हा लढा सविस्तर आला आहे.

हे दोन प्रसंग शेजारी ठेवले की एक अवघड प्रश्न उभा राहतो. आश्रमासाठी न मागता १३,००० रुपये देणारा हात कामगारांच्या १५ टक्क्यांपाशी का अडतो? माझ्या मते उत्तर दान आणि हक्क यांतील भेदात आहे. दान देताना दाता मोठाच राहतो. हक्क मान्य करताना त्याला समोरच्याच्या बरोबरीला यावे लागते. पहिली गोष्ट अंबालाल यांनी स्वेच्छेने केली, दुसरी उपोषणाच्या दडपणाखाली. ते दडपणही निर्दोष नव्हते. मालकांशी स्नेह असल्यामुळे आपल्या उपोषणात दोष राहिला, हे गांधीजींनीच आत्मकथेत नोंदविले आहे.

म्हणून अंबालाल लहान ठरतात काय? तसे मला वाटत नाही. देणगीच्या बदल्यात त्यांनी गांधीजींकडून मौन मागितले नाही आणि संपानंतर त्यांच्याशी नातेही तोडले नाही. त्यांची कन्या मृदुला पुढे स्वातंत्र्यलढ्यात तुरुंगात गेली. धनिकाने चळवळीला पैसा दिल्याची उदाहरणे पुष्कळ सापडतील. पैसा देऊनही तिला आपल्याविरुद्ध लढू देणारा धनिक विरळा.

आपले चरित्रलेखन मात्र अशा माणसाला 'दानशूर' किंवा 'भांडवलदार' यांपैकी एकाच शब्दात बसवू पाहते. तो दोन्ही होता, हे विद्यार्थ्यांना सांगायचे तर दोन्ही प्रसंग एकत्र वाचायला हवेत.